दिगू वकिलाची वहिवाट

दिगू, तुझ्या शोकसभेत मी तुला पुरोगामी म्हणालो.

चुकून म्हणालो, पण माइकवरून म्हणालो. मारुतीच्या देवळामागच्या हॉलमध्ये गल्लीतली झाडून सगळी माणसं होती, कोर्टातले तुझे काळे कोटवाले होते, आणि माझ्या तोंडून वाक्य आपोआप बाहेर पडलं : "दिगंबर वकील हे पुरोगामी विचारांचं, मनमिळाऊ व्यक्तिमत्त्व होतं." काळ्या कोटांनी एकमेकांकडे बघितलं.  आपल्या मंडळाचा अध्यक्ष तुषार माइकची वायर धरून शेजारी उभा होता. तो माझ्या कानाशी लागून म्हणाला, "सर, ते उलटं आहे."

पहिल्या रांगेत नलूवहिनी होत्या. त्यांनी पदर तोंडाला लावला आणि त्यांचे खांदे हलायला लागले. मागच्या बायका धावल्या, कुणी पाठीवरून हात फिरवला, कुणी पाण्याचा ग्लास पुढे केला. पण तुझ्या घरी मी इतकी वर्षं चहा प्यायलोय की वहिनींचं रडणं कुठलं आणि हसणं कुठलं ते मला पाठमोरं बसूनही कळेल. त्या हसत होत्या. तू गेल्यापासून पहिल्यांदा.

यात माझी हुशारी काही नाही. ती सवय आहे. गल्लीत कुणी गेलं की बोलायला मी. रिटायर्ड मास्तर, घसा शाबूत, संध्याकाळ मोकळी. साचा ठरलेला. सुनेला उंबऱ्याबाहेर पडू न देणारे आपले तात्यासुद्धा माझ्या भाषणात पुरोगामी झाले आणि मगच स्वर्गात गेले. तू त्या सभेत माझ्या शेजारी बसला होतास. बाहेर पडताना म्हणालास, "मास्तर, मी गेल्यावर काहीही म्हण. अजातशत्रू म्हण, मला गाता येत होतं म्हण. पण तेवढा शब्द नको." हे मला आठवलं, पण स्टेजवरून खाली उतरल्यावर.

खरं सांगू? मला अजून काही होत नाहीये. वहिनींचा फोन आला, त्या म्हणाल्या, "भावजी, हे गेले." मी म्हणालो, "बरं, येतो." जसं काही भजी करतायत म्हणून बोलावलंय. मग मी आरशासमोर उभा राहून भांग पाडला. अमरधाममध्ये कुणाशी तरी मिक्सरच्या भांड्याबद्दल बोललो, त्यांच्या भांड्याचं पातं सैल झालं होतं, मी त्यांना मेनरोडवरचं दुकान सांगितलं, वळणासकट. घरी आल्यावर शेजारून पिठलं-भात आला. चव लागली नाही, तरी दुसऱ्यांदा वाढून घेतला. फार वेळ मांडी घालून बसलं की पाय आपला राहत नाही ना, तसं चाललंय. पाय दिसतो, हात लावला तर लागतो, पण तो कुणा दुसऱ्याचा आहे. मुंग्या यायला लागतील तेव्हा काय होईल याची थोडी धास्ती आहे. तोवर लिहून घेतो.

तर, तू पुरोगामी नव्हतास. मग कोण होतास, यावर आपण आयुष्यभर भांडलो. मी तुला सनातनी म्हणायचो, तू म्हणायचास की सनातन्याला सगळी उत्तरं माहीत असतात, मला एकही नाही. प्रतिगामी म्हणालो तर म्हणायचास, "मागे कुठे जायचंय? मागे काय होतं ते मी रोज कोर्टात वाचतो. भाऊबंदकी होती." परंपरावादी म्हटलं की तुझं तोंड वाकडं व्हायचं. मंडळाच्या पोरांनी एकदा रंगपंचमीला रहाडीसाठी, म्हणजे आपल्या रंगाच्या हौदासाठी, चौकात फ्लेक्स लावला होता, 'हजारो वर्षांची प्राचीन परंपरा'. तू तो उतरवायला लावलास. पोरं चिडली. एक जण म्हणाला, "काका, तुम्हीच ना परंपरावाले?" तू म्हणालास, "रहाड पेशवाईतली आहे. तेवढी जुनी पुरे. खोटं वय सांगून तिचं काय लग्न जमवायचंय?" आणि मग मला बाजूला घेऊन म्हणालास की हे छाती फुगवणारे तुझ्यापेक्षा धोक्याचे आहेत मास्तर. तुला निदान नवीन काहीतरी बांधायचं असतं. यांनाही नवीनच बांधायचं असतं, फक्त वर जुनं म्हणून पाटी लावायची असते.

शेवटी शब्द तूच शोधलास, आणि तोही तुझ्या धंद्यातला. देवळ्याचा एक कांदेवाला तुझा अशील होता. त्याच्या कांदे साठवायच्या चाळीकडे जाणारी वाट शेजाऱ्यानं तारेचं कुंपण घालून बंद केली होती. नकाशात वाट नव्हती, सात-बाऱ्यावर नव्हती. तो तुझ्या ऑफिसात येऊन म्हणाला, "कागदात नसंल सायेब, पण आमचा आजा तिथूनच जायचा, अन् माझी बैलगाडीबी तिथूनच. मंग ती वाट नाय तर काय हाय?" तू ती केस वहिवाटीवर लढलास. त्या संध्याकाळी माझ्या ओट्यावर बसून म्हणालास, "सापडलं. मी वहिवाटवाला."

मी हसलो. तू मात्र गंभीर. म्हणालास, वाट कुणी आखलेली नसते. ज्याला जिथून सोपं पडलं तो तिथून गेला, मागचा त्याच्या मागून गेला. चुका झाल्या असतील, कुणी काट्यात गेलं असेल, तिथून वाट वळली असेल. आज सरळ पट्टी घेऊन नकाशा काढणाऱ्याला ते वळण मूर्खपणाचं वाटतं. असेलही मूर्खपणाचं. पण कुंपण घालायच्या आधी एक विचारायचं, इथून कोण जातं? बस, एवढंच माझं राजकारण.

"आणि वाट चुकीची असली तर?"

"तर वळवायची. बंद नाही करायची."

मी म्हणालो, एवढ्याशा वाक्यावर काय पक्ष निघणार. तू म्हणालास, म्हणूनच निघत नाही. राज्यकारभाराकडून तुझ्या अपेक्षा फार किरकोळ होत्या. चांगलं राज्य पायातल्या चपलेसारखं असावं, चालताना तिची आठवण येऊ नये. जे सरकार माणसाला नव्यानं घडवायला निघतं त्याला तू घाबरायचास, मग त्याचा झेंडा कुठल्याही रंगाचा असो. माणूस आहे तसा धरून चालायचा. म्हणजे आळशी, विसराळू, अधूनमधून चांगला. आणि हे म्हणताना तू माझ्याकडे बघायचास.

कारण पुरावा मीच होतो. रंगाचं प्रकरण आठव. आता हे वाचणाऱ्यात कुणी नाशिकबाहेरचं असेल तर सांगायला हवं की आपल्या गल्लीत रस्त्याखाली एक दगडी हौद आहे, पुरुषभर खोल. वर्षभर त्यावर जाड फळ्या, फळ्यांवर माती, मातीवरून रिक्षा. रंगपंचमीला गल्ली मिळून तो खणून काढते, त्यात रंग भरते, माणसं त्यात उड्या मारतात, आणि नंतर पुन्हा झाकून टाकते. हीच रहाड. उडीला धप्पा म्हणायचं. आपल्या रहाडीचा रंग केशरी, पेठ तालुक्यातून आणलेली पळसाची फुलं कढईत उकळून केलेला. तर एका वर्षी मी मंडळाला पटवलं की हे फुलं उकळणं म्हणजे सरपणाची नासाडी आणि श्रमाचा अपव्यय. विज्ञानयुग आहे. तयार पावडर आणा. आणली. पाणी असं काही पेटलं की बघत राहावं. अडचण एवढीच झाली की तो रंग गेला नाही. अंघोळीनं नाही, बेसनानं नाही, रॉकेलनं नाही. दहावीची परीक्षा चालू होती. आपल्या गल्लीतली पोरं केशरी तोंडानं पेपरला गेली, हॉल तिकिटावरचा फोटो कुणाचाच जुळेना. आणि त्यांच्यावर सुपरव्हिजनला कोण? केशरी कानांचा मी.

सगळी गल्ली मला फाडून खायला उठली होती. तू एकटा प्रसन्न होतास. म्हणालास, "मास्तर, तुझ्यावर राग नाही. तू माझ्या मताचा सगळ्यात भक्कम साक्षीदार आहेस. माणूस चुकणारच. म्हणून चूक करायची तर धुऊन निघेल एवढीच करावी. फुलांचा रंग तीन अंघोळींत जातो, कधी विचार केलास का, की कुणीतरी आपल्यासारख्यांना ओळखूनच तो निवडला असेल?"

मला त्यावर उत्तर सुचलं. सुचलं ते दोन दिवसांनी, पण तेव्हा तू देवळ्याला गेला होतास.

माझी बाजूही सांगतो. आता तू मधे बोलू शकत नाहीस, म्हणून नाही. तेव्हाही सांगत होतो.

माझी बहीण सुमनताई. आपण पोरं धप्पे मारायचो तेव्हा ती आमच्या माडीच्या खिडकीत उभी असायची. रहाडीत बायकांनी उतरायचं नाही, असा दंडक. का, ते कुणालाच माहीत नव्हतं. तिनं एकदा आमच्या वडिलांना विचारलं, तर ते म्हणाले, "तुला काय कमी आहे?" लग्नही तिचं गल्लीतच झालं, खिडकी तेवढी बदलली. आपल्या सगळ्या पोरांत पोहायला ती चांगली होती. तुला गोदावरीतून तिनंच ओढून काढलं होतं, हे तू कोर्टातसुद्धा नाकारलं नसतंस.

मी मोठा झाल्यावर या विषयावर काय केलं? भाषण केलं. ऐन रंगपंचमीला, रहाडीच्या काठावर, खुर्चीवर उभं राहून. स्त्री-पुरुष समता, संविधान, सगळं. एक लेखही लिहिला. गावाच्या दुसऱ्या टोकाला एका संस्थेनं मला त्यासाठी शाल दिली. आणि आपल्या गल्लीत काय झालं? जुनी माणसं चवताळली, त्या वर्षी रहाड दुपारीच झाकली गेली, आणि सुमनताई मला म्हणाली, "शाल बरी आहे. मला दे, खिडकीत गार वारा लागतो."

तू भाषण केलं नाहीस. तू तांब्या शोधून काढलास. रंगपंचमीच्या संध्याकाळी गल्लीतल्या बायका रहाडीतल्या रंगाचा तांब्या घरी मागवून घ्यायच्या, लहान मुलांच्या अंगावर शिंपडायला, म्हणजे उन्हाळा बाधत नाही म्हणून. आणून द्यायचे पुरुष. तू मंडळाच्या बैठकीत एवढंच म्हणालास की पुरुष तोवर रंगानं आणि आणखी कशाकशानं डोलत असतात, तांब्ये सांडतात, तर शेवटचा तास बायकांनी येऊन आपला तांब्या आपण भरावा. कुणाला हरकत असायचं कारणच नव्हतं. पुढच्या वर्षी बायका काठावर बसून तांब्या भरायला लागल्या. मग पाय सोडून बसायला लागल्या. मग एका वर्षी तुषारची बायको तांब्यासकट आत गेली. पाय घसरला म्हणाली. कुणी काही बोललं नाही, कारण नक्की काय बदललं ते कुणाला दाखवताच येईना. आता शेवटचा तास बायकांचाच असतो आणि पोरांना वाटतं की तो पेशवाईपासून आहे.

मी हरलो, हे मान्य. पण दिगू, हे तू कधी केलंस? आपले केस पांढरे झाल्यावर. त्याआधी किती वर्षं तू "बघू" म्हणत होतास? वहिवाटवाल्यांच्या भाषेत 'बघू' हा सगळ्यात पवित्र शब्द, हे तूच सांगायचास. तुझं सावकाश कुणाच्या तरी आयुष्यातून खर्च होतं. बायकांची वेळ सुरू झाली तेव्हा सुमनताईचे यजमान अंथरुणाला खिळले होते. ते गेले, तर करोनात रहाडच उघडली नाही. मग तिचे गुडघे गेले. ज्या मुलीला आपल्या आधी उडी मारता आली असती, ती खिडकीतच म्हातारी झाली. हे मी तुला ओट्यावर सुनावलं होतं, आवाज चढवून. तू नेहमी उलट वार करणारा, त्या दिवशी चष्मा काढून पुसत बसलास. मग म्हणालास, "मास्तर, तुझ्या बाकी सगळ्या मुद्द्यांना माझ्याकडे उत्तर आहे. ताईला नाही." आणि उठून गेलास. मी तेव्हा जिंकलो म्हणून खूश झालो होतो. आज वाटतं, आपल्यात एवढं खरं बोलणारा तूच होतास. मी माझ्या एकाही चुकीबद्दल असं म्हणालेलो नाही. मी फक्त तिचा किस्सा केला.

मग आली काच.

तुषारची कल्पना. सिंहस्थ तोंडावर आलाय, जगभरातून माणसं येणार. रहाडीवरची माती आणि फळ्या कायमच्या काढायच्या, वर जाड काच बसवायची, आत दिवे, बाजूला माहितीचा फलक. वर्षभर दिसेल. आता रस्त्यावरून चालणाऱ्याला कळतच नाही की पायाखाली काय आहे. तुषार वाईट मुलगा नाही. त्याचं रसवंतीचं दुकान आहे, गल्लीत माणसं यावीत असं त्याला वाटतं, यात काय चुकलं? मला कल्पना एकदम पटली. वारसा असून तो पुरून ठेवायचा, हे कुठलं शहाणपण? रंगपंचमीला काच सरकवता येईल म्हणे.

आपलं शेवटचं भांडण यावरच. माझ्याच ओट्यावर, उसाचा रस पीत, तोही तुषारच्या दुकानातला. तू म्हणालास, वर्षभर दिसायला लागली की खणायला कोण येईल? खणायला गल्लीतला जो माणूस वर्षभर दुसऱ्याशी बोलत नाही तोही फावडं घेऊन येतो, कारण रहाड कुठे सुरू होते ते सगळ्यांनी मिळून आठवावं लागतं. काच बसली की तिची काळजी कॉर्पोरेशन घेईल, आणि मग दिवा गेला की आपण तक्रार करू. आज ती आपली आहे, कारण तिला दुसरं कुणी नाही. मी म्हणालो, हे सगळं भावनिक आहे, मी सभेत काचेच्या बाजूनं बोलणार. तू म्हणालास, "बोल की." मग चपला घालता घालता थांबलास आणि विचारलंस, "सुमनताईला विचारलंस का?"

मला वाटलं, हा तुझा वकिली डाव. मुद्दा संपला की तिसरीच साक्षीदार उभी करायची. मी म्हणालो, "तिचा काय संबंध?" तू ग्लास ठेवलास आणि गेलास.

दोन दिवसांनी वहिनींचा फोन.

आता माझी पंचाईत बघ. मंडळाची सभा लागली. तू असतास तर मी काचेच्या बाजूनं ठणकावून बोललो असतो, तू माझ्या चिंधड्या केल्या असत्यास, आपण दोघं जेवायला गेलो असतो. तू नसताना काचेच्या बाजूनं बोलायचं, तर समोर रिकामी खुर्ची. कोर्टात त्याला एकतर्फी निकाल म्हणतात, ना? आणि तुझ्या बाजूनं बोलायचं, तर ते मत बदलल्यामुळे की नुसतं तू मेलास म्हणून? सहानुभूतीनं दिलेलं मत तुला चाललं नसतं. तू ते तोंडावर फेकलं असतंस. मी दोन दिवस या कोड्यात बसलो, आणि रडू न येणाऱ्या माणसाला कोडं बरं पडतं, हे माझ्या लक्षात आलं. शेवटी काहीच सुचेना, तेव्हा तुझा प्रश्न घेऊन सुमनताईकडे गेलो.

ती स्वयंपाकघरात खुर्चीवर बसून मेथी निवडत होती. दोन्ही गुडघ्यांना पट्टे.

"ताई, रहाडीवर काच बसवायची म्हणतायत. तुझं काय मत?"

"मला कोण विचारतंय?"

"मी विचारतोय."

"तुला दिगूनं सांगितलं असणार."

"त्याचं काय आता. तू सांग."

तिनं मेथीची एक काडी मोडली. "काम कधी सुरू?"

"मंजूर झालं की लगेच. सिंहस्थाच्या आत व्हायला हवं."

"म्हणजे यंदाची रंगपंचमी नाही."

"यंदाची नाही. पुढचीही बहुतेक नाही. पण त्यानंतर कायमची..."

"बंडू," ती म्हणाली, "त्यानंतर मी कुठे असणार आहे?"

मग कळलं. ती वर्षभर रोज सकाळी भिंतीला धरून गुडघ्याचे व्यायाम करत होती. मला वाटायचं, म्हातारपणी एक चाळा. यंदा शेवटच्या तासाला तिला उतरायचं होतं. हे फक्त तुला माहीत होतं, कारण तू तिला विचारलं होतंस. तू म्हणे कोर्टातून येताना जिना चढून आलास आणि म्हणालास, "ताई, माझ्यामुळे तुम्हाला फार थांबावं लागलं. येत्या रंगपंचमीला उतरायचं का?" ती म्हणाली, गुडघे नाहीत. तू म्हणालास, "बघू." आणि दुसऱ्या दिवशी व्यायाम शिकवणाऱ्या मुलीला घेऊन आलास.

मी तिथे बसलो होतो. मेथीच्या चार काड्या मीही निवडल्या, म्हणजे पानं टाकून दिली आणि देठ ठेवले. तिनं ताट ओढून घेतलं.

सभेत मी उठलो. तुषारनं माझ्याकडे आशेनं बघितलं, तो मला आपल्या बाजूचा धरून होता. मला तुझ्यासारखं बोलता येत नाही. मी म्हणालो की वारसा म्हणजे... आणि अडकलो. मग म्हणालो की दिगंबर वकील म्हणायचे... आणि पुन्हा अडकलो, कारण शोकसभेतलं आठवून मागे कुणीतरी खुदकन हसलं. शेवटी सरळच सांगितलं. "काच चांगली का वाईट, मला ठरवता येत नाही. पण वाट बंद करायची तर तिथून कोण जातं ते आधी विचारायचं असतं. मी एका माणसाला विचारलं, तर तिथून जाणारं एक निघालं. आपण अजून कुणालाच विचारलेलं नाही. गल्लीत घरोघर विचारा. तोवर यंदा नेहमीसारखी उघडा, नेहमीसारखी झाका. पुढचं बघू."

'बघू' माझ्या तोंडून गेलं आणि मी बावचळून खाली बसलो. तुषारनं हातातल्या कागदाची घडी घातली. मग म्हणाला, "एक रंगपंचमी थांबायला काय हरकत आहे? पण सर, पुढच्या वर्षी मी परत मांडणार." मांड, म्हटलं. त्यानं मांडलंच पाहिजे. आणि पुढच्या वर्षी मी कुठल्या बाजूला असेन, हे तुला आज सांगत नाही. मेलास म्हणून सगळंच तुझ्या मनासारखं होईल असं समजू नकोस.

रंगपंचमीला गल्ली खणायला उतरली. कडा सापडेना. दर वर्षी तू पायानं ठोकून दाखवायचास, यंदा सगळे एकमेकांशी वाद घालत होते, आणि मी छातीठोकपणे दाखवलेल्या जागी पाण्याचा पाइप निघाला. शेवटी फळी लागली. दमट मातीचा तो वास आला आणि मला वाटलं, आता मुंग्या येणार पायाला. आल्या नाहीत. फुलं उकळली, रंग ओतला. पूजेचा मान तुझ्या घरचा, पण यंदा घरात सण नाही म्हणून वहिनींनी नारळ माझ्या हातात दिला, मी देव न मानणारा. नारळ पहिल्या फटक्यात फुटला नाही, दुसऱ्या फटक्यात हातातून सुटून रहाडीत गेला. तोच यंदाचा पहिला धप्पा, असं पोरं म्हणाली.

मी ठरवलं होतं की तुझ्या वाटचा धप्पा मी मारायचा. कुणाला सांगितलं नव्हतं. दुपारभर काठाशी घुटमळलो. आधी गर्दी होती. मग पाणी गार वाटलं. मग वाटलं, उडी मारण्याआधी चार शब्द मनात म्हणावेत, आणि ते जुळेनात. 'पुरोगामी' सोडून एकही शब्द पुढे येईना. पुरुष निघून गेले, काठ रिकामा झाला, मी नाक धरून डोळे मिटून उभा. मागे बांगड्या वाजत होत्या, तरी माझ्या लक्षात आलं नाही की शेवटचा तास सुरू झालाय.

कुणीतरी खांद्याला ढोसलं. वळून बघितलं तर सुमनताई. नऊवारीचा कासोटा घातलेला, गुडघ्यांचे पट्टे वरून बांधलेले, एका बाजूनं तुषारची बायको, दुसऱ्या बाजूनं व्यायामवाली मुलगी, आणि मागे तांब्ये घेऊन गल्लीतल्या साऱ्या बायका. नलूवहिनी लांब, त्यांच्या दारात उभ्या.

"ताई, एक मिनिट," मी म्हणालो, "दिगूसाठी जरा..."

"सरक बाजूला," ती म्हणाली. "तुम्हा दोघांच्या चर्चेत माझं आयुष्य गेलं."